‘करण्यात आले’ काढा, बाया दिसतील

यवतमाळ जिल्ह्यातल्या दारव्ह्याकडची पोरंपोरी मला लिहिलेलं दाखवायला आणतात. कुणाला पेपरला मजकूर द्यायचा असतो, कुणाला दिवाळी अंकाला लेख. पहिली ओळ बहुतेक वेळा अशी: ‘गावातील महिलांच्या माध्यमातून कापूस वेचणीच्या कामास सुरुवात करण्यात आली.’ व्याकरणात चूक नाही. पण यात ना कापूस दिसत, ना बाई.

आधी कर्ता शोधा. ‘करण्यात आली’ म्हटलं की करणारा गायब. कोणी केली? बायांनी. मग बायांना वाक्यात पुढे आणा. ‘च्या माध्यमातून’, ‘च्या अनुषंगाने’, ‘सदर’ हे कचेरीच्या टपालातले शब्द, ते तिथेच राहू द्या. नंतर क्रियापद सोडवा. ‘वेचणे’ हे चांगलं हातपाय असलेलं क्रियापद; त्याची ‘वेचणी’ केली की मागून ‘काम’, ‘सुरुवात’, ‘करणे’ अशी सगळी वरात येते. आपल्याकडे तर प्रत्येक कामाला वेगळं क्रियापद आहे. वावर वखरतात, पीक डवरतात, तण निंदतात, सोयाबीन सोंगतात, कापसाची पऱ्हाटी उपटतात. एवढं हाताशी असताना ‘शेतात काम केले’ का लिहायचं?

आता त्या बायांच्या जवळ जा. वेचणीच्या पहिल्या दिवशी वावरात सीतादहीची पूजा होते. दव वाळेपर्यंत त्या धुऱ्यावर थांबतात, कारण ओल्या कापसाला भाव मिळत नाही. कमरेला ओटी बांधलेली असते. वाळलेल्या बोंडाची टोकं नखांच्या कडेला टोचतात. हे पाहिलेलं असेल तर ओळ अशी होते: ‘सीतादही झाली. दव वाळलं तशा बाया पऱ्हाटीत शिरल्या. ओट्या फुगत गेल्या, बोटं सोलत गेली.’ यात एकही विशेषण नाही. ‘कष्टाळू’ लिहायची गरजच उरली नाही.

मराठीची खरी ताकद मला दिसते ती क्रियापदाच्या शेपटीत. ‘कापूस विकला’ ही नुसती माहिती. ‘कापूस विकून टाकला’ म्हटलं की घरात ठेवायला जागा नव्हती, किंवा माणूस वैतागला होता. ‘कापूस विकावा लागला’ म्हणजे दारात देणेकरी किंवा पोरीची फी. ‘कापूस विकून बसलो’ म्हणजे नंतर भाव चढला. कापूस तोच, शेतकरी तोच, गोष्टी चार. लिहिताना प्रत्येक मुख्य क्रियापदाशी थांबा आणि विचारा, याला कोणती शेपटी हवी? तसंच ‘पाऊस येत नाही’ आणि ‘पाऊस येईना’. पहिलं हवामानाच्या बातमीत शोभतं. दुसऱ्यात पेरून बसलेला माणूस आभाळाकडे पाहतो. ‘बैल उठेना’, ‘मोटार चालेना’, ‘पोरगं बोलेना’: वाट पाहणं आणि हतबलता दोन्ही त्या एका ‘ना’त येतात.

वऱ्हाडी वापरायची का, हे पोरं हमखास विचारतात. वापरा, बिनधास्त वापरा. संवादात ती पूर्ण येऊ द्या: ‘काहून रे बावा, सकायपासून उपाशी हिंडून राह्यला तू?’ या आजीच्या तोंडी ‘का रे बाळा, सकाळपासून उपाशी फिरतो आहेस?’ घातलं तर आजीच बदलून जाते. निवेदन मात्र सगळं वऱ्हाडीत रेटायचं असेल तर शेवटपर्यंत निभवायची तयारी हवी. तेवढी नसेल तर निवेदन प्रमाण मराठीत ठेवा, पण वावर, धुरा, पांदण, ढोरं हे शब्द सोडू नका आणि त्यांचा अर्थही सांगत बसू नका. ‘पांदणीत बंडी आसापर्यंत रुतली’ असं लिहिलं की पुण्याच्या वाचकालाही पांदण कळते.

वाक्याच्या लांबीबद्दल थोडंच सांगतो. अमरावती जिल्ह्यातल्या रिद्धपुरात तेराव्या शतकात म्हाइंभटांनी लीळाचरित्र सिद्ध केलं. ते उघडून पाहा: वाक्यं आखूड, बोलल्यासारखी. गाडगेबाबा कीर्तनात लोकांना प्रश्न विचारत आणि उत्तर लोकांकडूनच काढून घेत. लेखात चार विधानांनंतर एक खराखुरा प्रश्न टाकून पाहा, वाचक सावरून बसतो. आणि जोराचा शब्द क्रियापदाच्या लगेच आधी ठेवा. ‘पैसे सावकारानं दिले’ आणि ‘सावकारानं पैसे दिले’ यांत भर वेगळ्या ठिकाणी पडतो.

शेवटचा हात फिरवताना लेख मोठ्यानं वाचा, तोही घरातल्या ज्याला वाचायची सवय नाही अशा माणसापुढे. तो मध्येच ‘म्हणजे काय?’ म्हणाला की तिथे पेन्सिलीनं खूण करा. मग त्याला समजावताना तुमच्या तोंडून जे वाक्य निघेल, ते तसंच्या तसं लिहून घ्या आणि आधीचं खोडा.