वासी उत्तरायणाला मासे भाजायचेत? मग आठ दिवस आधीपासून लागा

पहिली तयारी माशाची नाही, जागेची. बडोद्यात वाढलेल्या मासेखाऊ मराठी माणसाला हे सांगायला नको, पण बाहेरून लग्न होऊन आलेल्या सुना-जावयांसाठी सांगते. आमच्या सोसायटीत चार मजले मिळून मासे खाणारी घरं दोनच, आम्ही आणि खालच्या बंगाली काकू, आणि खिडक्या लावून चार तुकडे सुरमई तळली तरी दुसऱ्या दिवशी लिफ्टमध्ये कोणीतरी अगदी गोड आवाजात विचारतंच, "काले कंई बनाव्युं हतुं?" (काल काही केलं होतं का?) त्यामुळे अगाशीवर, म्हणजे गच्चीवर, शेगडी मांडून मासे भाजायचं डोक्यातून काढून टाका, तेसुद्धा उत्तरायणात, म्हणजे इकडच्या पतंगांच्या संक्रांतीत, जेव्हा अख्खं गाव अगाशीवर असतं आणि शेजारून ऊंधियू-जिलबीची ताटं येत असतात. भांडण कोणी करत नाही हो, पण वाटी-वाटी विरजण ज्यांच्याकडून आणतो त्यांना का त्रास द्यायचा. म्हणून आम्ही १४ जानेवारीला सगळ्यांबरोबर ऊंधियू खातो आणि १५ला, वासी म्हणजे शिळ्या उत्तरायणाला, दिरांच्या मित्राच्या बडोद्याजवळच्या सिंधरोटकडच्या शेतावर जातो. आठ दिवस आधी त्यांना फोन करून दोनच गोष्टी विचारायच्या, नळाला पाणी आहे का आणि वाऱ्याला आडोसा देणारी भिंत कुठल्या बाजूला आहे, कारण पतंगाला जो वारा हवा असतो तोच शेगडीचा वैरी.

जागा ठरली की बाटल्या. आपण करणार ते गोड-खारट, जपानी तेरियाकी आणि इंडोनेशियातलं इकान बाकार यांच्या कुठेतरी मधलं. तेरी म्हणजे चकाकी, याकी म्हणजे भाजलेलं. इकान बाकार म्हणजे तर सरळ 'भाजलेला मासा', तिकडे त्याला केचप मानिस लावतात, म्हणजे ताडामाडाचा गूळ घालून दाट केलेला गोड सोया सॉस. ऐकायला लांबचं वाटतं पण गूळ घातलेल्या गुजराती डाळीवर आणि छुंद्यावर, म्हणजे कैरीच्या गोड लोणच्यावर, पोसलेल्या बडोदेकरांच्या जिभेला यात समजावण्यासारखं काही नाही, पुण्याच्या पाहुण्यांनाच जरा वेळ लागतो.

तर सोया सॉस दोन घ्या, लाइट आणि डार्क. लाइट म्हणजे मीठ कमी असा समज असेल तर तो सोडा, उलट लाइटच जास्त खारट असतो आणि चवीला तोच लागतो, डार्क दाट आणि काळा, तो चमचाभर फक्त रंगाला. बाटली उलटी करून मागचं वाचा, सोयाबीन, गहू, मीठ, पाणी एवढंच आणि नॅचरली ब्रूड लिहिलं असेल तर थोडे पैसे जास्त गेले तरी तीच घ्या. नेटवरच्या प्रत्येक रेसिपीत मिरीन लिहिलेलं असतं. मिरीन म्हणजे तांदळाची गोड वाइनच, साधारण १४ टक्के अल्कोहोल, आणि आपण राहतो दारूबंदीच्या गुजरातेत, तेव्हा तो विषय तिथेच संपला. एका टेबलस्पून मिरीनच्या जागी एक टेबलस्पून राइस व्हिनेगर आणि अर्धा चमचा साखर, काम होतं. तिळाचं तेल हवं ते भाजलेल्या तिळांचं, तपकिरी रंगाचं, आपल्याकडचं फिकट तिळाचं तेल घातलं तर तो वासच येत नाही. नाही मिळालं तर हळहळू नका, संक्रांतच आहे, तीळ आणि गूळ दोन्ही घरात डब्याडब्यांनी असतातच, तीळ खमंग भाजून जरा कुटले की झालं. गूळ मात्र चिक्कीचा नको, साधा मऊ घ्या.

गवती चहासाठी लेमनग्रास लेमनग्रास करत मॉलमध्ये फिरणाऱ्यांचं मला नवल वाटतं, खंडेराव मार्केटला भाजीवाली पुदिन्याबरोबर लीली चायची जुडी देते, तीच ती. फक्त तिला आधी सांगून ठेवा की बुडख्यासकट हवी, नुसती पानं नकोत, कारण चव खालच्या पांढऱ्या दांड्यात असते आणि त्याच दांड्याचं टोक वरवंट्याने ठेचलं की सॉस लावायला ब्रश तयार होतो. फिश सॉस मिळाला तर मिळाला, नाहीतर मूठभर जवळा, म्हणजे सुकवलेली बारीक कोळंबी, कोरडा भाजून पूड करा, इंडोनेशिया-मलेशियात कोळंबी आंबवून जो गोळा करतात त्याची थोडीफार आठवण होते. बाकी आलं, लसूण, हिरव्या मिरच्या, चिंच, केळीची पानं. यादीतलं हे सोपं काम, ते घरातल्या पुरुषांवर सोपवा.

आता मासा. मासेवालीला दोन दिवस आधी सांगायचं, कारण उत्तरायणात ट्रक उशिरा येतात आणि ती स्वतःही अगाशीवर असू शकते. माझं मत विचाराल तर कोळशावर पहिला नंबर बांगड्याचा, अंगात तेल भरपूर म्हणून कोरडा पडत नाही, स्वस्त, आणि गोड-खारट सॉस त्याच्यावर जो चढतो तो पापलेटवरही चढत नाही. दुसरी सुरमई, पण तुकडे अंगठ्याच्या जाडीचे, दोन सेंटिमीटरच्या खाली नाहीच, पातळ काप तव्यासाठी असतात. पापलेट अख्खं, दोन्ही बाजूंनी तिरक्या चिरा मारून. फ्रोझन बासाचं पाकीट कितीही सोयीचं वाटलं तरी नको, त्यात पाणी इतकं की जाळीवर त्याचा चिवडा होतो. आठ माणसांना आम्ही सुरमईचे आठ तुकडे आणि आठ बांगडे घेतो, संपतात. घेताना डोळे फुगीर आणि स्वच्छ, कल्ले उचलून बघितले तर लालभडक, बोटाने दाबलं तर खड्डा लगेच भरून यायला हवा. मासेवाली "आजनुं ज छे बेन" म्हणणारच, ते तिने म्हणायचं आणि आपण कल्ला उचलायचा. कातडी काढू देऊ नका, भाजताना तीच मासा धरून ठेवते. आणि बर्फाचा डबा बरोबर न्या, बांगड्याच्या बाबतीत तर नक्कीच, कारण बांगडा, टूना असले मासे उबेत राहिले की त्यात हिस्टामिन तयार होतं, ते शिजवूनही जात नाही आणि मग अंगावर गांधी उठतात.

आदल्या रात्री फक्त सॉस करायचा, मासे मुरवायचे नाहीत. हे मी अधोरेखित करून सांगतेय कारण पहिल्या वर्षी मी शहाणपणा करून सोया, गूळ, लिंबू सगळं एकत्र करून पापलेट रात्रभर त्यात ठेवलं. लिंबाने ते सकाळपर्यंत अर्धवट शिजल्यासारखं पांढरं आणि पिठूळ झालं, आणि गूळ जाळीवर ठेवल्या ठेवल्या जळला, बाहेरून कोळसा आतून कच्चं, आठ जणांनी भात आणि काकडी खाल्ली. आईचं म्हणणं अजून तेच, हळद-मीठ-लिंबू लावल्याशिवाय मासा मासा कसा, आणि तळायच्या माशाला ते बरोबरही आहे, पण इथे लिंबू ताटात आणि गोड सगळ्यात शेवटी. मिठाचं काय, ते आत शिरतं, साखर वरच राहते आणि वर राहिलेली साखर निखाऱ्यावर मिनिटात करपते. म्हणून दोन वेगळी भांडी, एक खारट मुरवण, एक गोड चकाकी.

गोड सॉस आदल्या रात्री: अर्धी वाटी लाइट सोया, अर्धी वाटी किसलेला गूळ, पाव वाटी पाणी, चमचाभर चिंचेचा कोळ, ठेचलेला गवती चहाचा दांडा, दोन मिरच्या उभ्या चिरून, मंद आचेवर सात-आठ मिनिटं. चमच्याच्या पाठीला धरला की बंद, गार झाल्यावर आणखी दाट होतो त्यामुळे कढईत दाट दिसेपर्यंत थांबलात तर सकाळी चाकूने काढावा लागेल. गाळून दोन बरण्या भरा, एक ब्रशची, एक ताटात वाढायची, आणि कच्च्या माशाला लागलेला ब्रश दुसऱ्या बरणीत जाणार नाही याची जबाबदारी एका माणसावर टाका, आमच्याकडे ही जबाबदारी माझ्या बारा वर्षांच्या लेकीकडे आहे आणि ती पोलिसासारखी उभी असते.

मुरवण शेतावर गेल्यावर, शेगडी पेटवतानाच. अर्धी वाटी लाइट सोया, तेवढंच पाणी, चमचाभर डार्क, आलं-लसणाचा रस, व्हिनेगर अगदी एक टेबलस्पून, जवळ्याची पूड. वरून मीठ घालायचं नाही, हात शिवशिवला तरी नाही. मासे आधी फडक्याने कोरडे टिपा, मग अर्धा तास, फार तर चाळीस मिनिटं, तेही बर्फाच्या डब्यातच. नंतर परत टिपायचे, ओला मासा भाजत नाही, वाफवतो आणि चिकटतो.

कोळसा लाकडाचा आणावा, अडीच-तीन किलो, एका दुकानातून एकदा मी ओलसर पोतं आणलं होतं तर तास गेला होता नुसता धुरात. पेटायला अर्धा-पाऊण तास धराच. राखेचा पांढरा थर आला की सगळे निखारे एका बाजूला ओढायचे, दुसरी बाजू रिकामी, कारण काही जळायला लागलं तर पळायला जागा हवी. जाळीच्या वर वीतभर अंतरावर तळवा धरून तीन-चार सेकंद धरवला तर ताव बरोबर. जाळी कडक तापवून अर्धा कांदा सिंगतेलात, म्हणजे शेंगदाण्याच्या तेलात, बुडवून घासायचा, आणि दोन पाकळ्यांची, कडी असलेली दुहेरी जाळी मिळाली तर बांगड्यांसाठी नक्की घ्या, आठ मासे एका झटक्यात उलटतात.

मासा ठेवल्यावर हात मागे. खरंच. त्याला चार मिनिटं हलवू नका, तो आपला आपण जाळी सोडतो, ओढावा लागतोय म्हणजे अजून वेळ आहे. एकदाच उलटायचा, दोन-तीन मिनिटांनी रिकाम्या बाजूला सरकवून मग गोड सॉसचा पहिला हात, मिनिटभराने दुसरा, बुडबुडे येऊन चकाकी धरली की उतरवा. काट्याजवळचं मांस पांढरं होऊन सुटलं पाहिजे, थर्मामीटर असेल तर ६३ अंश सेल्सिअस. पापलेट नाजूक म्हणून ते केळीच्या पानात, पान आधी आचेवर शेकून मऊ करून. म्हणजे बघा, प्रत्यक्ष भाजणं दहा मिनिटांचं, त्यामुळे भात, काकडी, व्हिनेगर-साखर-मिठात सकाळीच बुडवलेली गाजर-मुळ्याची कापं, कुटलेले तीळ, लिंबाच्या फोडी, सगळं मासा जाळीवर जायच्या आधी मांडलेलं असायला हवं आणि माणसंसुद्धा, पतंग कापायचा राहिला म्हणून कोणासाठी थांबायचं नाही.

उरलेल्या गोष्टी ज्या दर वर्षी कोणीतरी विसरतंच: लांब चिमटा, जुनी वर्तमानपत्रं, हात धुवायला बेसन, दोन बादल्या पाणी कारण जानेवारीत शेतातलं गवत वाळलेलं असतं आणि निखारा वरून काळा दिसला तरी आतून जिवंत असतो, काट्यांसाठी वेगळी पिशवी. येताना गाडीच्या काचा खाली. जाळी घरी येऊन घासू असं म्हणू नका, तिथेच राख लावून घासा, मग दोन पिशव्यांत गाठ मारून डिकीत, आणि सोसायटीत शिरल्यावर ती पिशवी घेऊन लिफ्टने नाही, जिन्याने वर.