सूर्य मावळायच्या आत: माइनक्राफ्टमधल्या गावाची तयारी

माइनक्राफ्ट या खेळात नवीन गाव सापडलं की तिथल्या व्हिलेजरशी, म्हणजे गावकऱ्यांशी, लगेच ट्रेडिंग (देवघेव) सुरू करावंसं वाटतं. एक दिवस थांबा. दिवसाउजेडी गावातून निवांत चक्कर मारा आणि व्हिलेजर किती आहेत, बेड किती, घंटा कुठे टांगलीय, अंधाऱ्या जागा कोणत्या, हे डोक्यात बसवून घ्या. ही चक्कर म्हणजे तयारीतलं पहिलं काम. व्हिलेजर स्वतःचं रक्षण करत नाही. त्याला लढता येत नाही, फक्त पळता येतं, आणि त्याचं पळणंही फार शहाणपणाचं नसतं. त्याला जे कळत नाही ते आपण आधीच करून ठेवायचं. इथले आकडे खेळाच्या जावा एडिशन या आवृत्तीचे आहेत, आणि अंतरं ब्लॉकमध्ये, म्हणजे खेळातल्या ठोकळ्यांत, मोजलेली आहेत.

तो घाबरतो कसा, ते एकदा जवळून बघा. शेतकरी गव्हाच्या वाफ्यात काम करतोय आणि नदीच्या अंगाने एक झोंबी येतोय. झोंबीचं लक्ष ३५ ब्लॉकपर्यंत पोचतं, म्हणजे शेतकरी त्याला केव्हाच हेरता येतो. शेतकऱ्याला पत्ता नाही. झोंबी १२ ब्लॉकवर आला तरी काम चालू, १० वर आला तरी चालूच. ८ ब्लॉकच्या आत आला, आणि मधे भिंत नसली, की तो काम टाकून धूम ठोकतो. धावतो तोही झोंबीपासून लांब, घराकडेच जाईल असं नाही. वाटेत खड्डा लागला, दोन घरांमधली बंद बोळ लागली, तर तिथेच अडकतो. म्हणून गावातले खड्डे बुजवा, बोळांची दोन्ही टोकं मोकळी ठेवा, विहिरीला आणि दरीच्या कडेला कुंपण घाला. टॉर्च लावण्याइतकंच हे काम महत्त्वाचं आहे, पण बहुतेक जण ते करतच नाहीत.

प्रत्येक शत्रूसाठी व्हिलेजरचं घाबरण्याचं अंतर वेगळं आहे. झोंबी, हस्क (वाळवंटातला झोंबी), ड्राउन्ड (पाण्यातला झोंबी), झोंबी व्हिलेजर आणि व्हेक्स (उडणारं छोटं भूत) यांना तो ८ ब्लॉकवर घाबरतो, कुऱ्हाडवाल्या विंडिकेटरला १० वर, इव्होकर (जादूगार) आणि रॅव्हेजर (धिप्पाड जनावर) यांना १२ वर, आणि क्रॉसबोवाल्या पिलेजरला १५ वर. गाव समुद्राकाठी किंवा नदीकाठी असेल तर ड्राउन्ड विसरू नका, पाण्याच्या बाजूलाही कुंपण हवंच.

आता क्रीपर, म्हणजे जवळ येऊन फुटणारा शत्रू. या यादीत क्रीपर नाही, आणि सगळ्यात जास्त काळजी तिथेच घ्यावी लागते. क्रीपर शेजारून गेला तरी व्हिलेजर जागचा हलत नाही. क्रीपरला व्हिलेजरशी देणंघेणं नसतं, तो तुमच्या मागे असतो. तुम्ही गावाच्या चौकात उभे असाल तर तो चौकात येऊन फुटतो आणि भोवती उभे असलेले लोक त्यात जातात. आयर्न गोलेम, म्हणजे गावाची राखण करणारा लोखंडी पुतळा, तोही क्रीपरवर हात उचलत नाही. तेव्हा क्रीपर दिसला की आधी तुम्ही गावाबाहेर पडा, त्याला मागे येऊ द्या आणि मोकळ्या रानात मारा. गावात मांजरं असतील तर फारच चांगलं, क्रीपर मांजरापासून लांब पळतो.

उजेडाचं काम २०२१ च्या नोव्हेंबरात खेळाची १.१८ आवृत्ती आल्यापासून पुष्कळ सोपं झालंय. आधी उजेड ७ किंवा त्याहून कमी असला की राक्षस उगवायचे, आता ब्लॉकचा उजेड (टॉर्चसारख्या वस्तूंचा, सूर्याचा नव्हे) थेट ० असावा लागतो. टॉर्चचा उजेड १४, आणि दर ब्लॉकमागे तो एकाने उतरतो. रस्ते लोक उजळतातच. विसरतात ते घरांची छपरं, घरामागच्या पडीक जागा, झाडांखालचा अंधार आणि गावाखालच्या गुहा. छपरावर एक टॉर्च टाकायला काही सेकंद लागतात.

मग भिंत. दोन ब्लॉक उंच पुरे, पण खाली कुठेही एक ब्लॉकची फट ठेवू नका. झोंबींमध्ये साधारण ५ टक्के पिल्लं निघतात, ती एका ब्लॉकच्या उंचीतून आत शिरतात आणि मोठ्यांपेक्षा जोरात धावतात. बाहेरच्या भिंतीला फेन्स गेट लावा. ते व्हिलेजरला उघडता येत नाही, झोंबीलाही नाही, फक्त तुम्हाला येतं. घरांना मात्र लाकडी दारंच राहू द्या. लोखंडी दार मजबूत म्हणून लावलं तर संकटाच्या वेळी व्हिलेजर स्वतःच्याच घराबाहेर अडकतो. हार्ड डिफिकल्टीवर काही झोंबी लाकडी दार फोडतात, तेव्हा हार्डवर खेळत असाल तर घराच्या दारापेक्षा गावाच्या भिंतीवर जास्त भर द्या.

बेड मोजा. माणशी एक तर हवाच, दोन-चार जास्त असले तर उत्तम. घंटा वाजली की व्हिलेजर आडोसा शोधतो तो बेडचाच, आणि गोलेमचंही गणित झोपेशी जोडलेलं आहे, ते खाली येईलच. बेड छपराखाली, चार भिंतींच्या आत आणि दारापासून सरळ वाट असलेल्या जागी ठेवा. शेतकऱ्याचा बेड शेताजवळच्या घरात असला तर बरं.

घंटा गावाच्या मधोमध हवी. २३ एप्रिल २०१९ ला आलेल्या १.१४ मध्ये घंटा, पिलेजर आणि रेड (गावावर लाटांनी येणारा हल्ला) एकदमच आले. घंटा वाजवली की ३२ ब्लॉकच्या आतले व्हिलेजर घराकडे धावतात. रेड सुरू असेल आणि हल्लेखोर जवळ असतील तर ते क्षणभर उजळून दिसतात, भिंतीपलीकडचेसुद्धा. रेडच्या सुरुवातीला कधीकधी एखादा व्हिलेजर स्वतःच धावत जाऊन घंटा वाजवतो. मला या खेळातलं हे दृश्य फार आवडतं. ज्याला लढता येत नाही, तोही इतरांना सावध करतो. पण त्याच्यावर विसंबू नका, घंटेपर्यंतची वाट तुमच्यासाठीही मोकळी असू द्या. गाव लांब पसरलेलं असेल तर दुसरी घंटा घ्या. ती वेपनस्मिथ, टूलस्मिथ किंवा आर्मरर या धंद्यांच्या व्हिलेजरकडून एमराल्ड (खेळातलं चलन) देऊन मिळते.

गोलेम नशिबावर सोडू नका. लोखंडाचे चार ब्लॉक, म्हणजे ३६ इंगट (धातूच्या विटा), आणि कात्रीने कोरलेला एक भोपळा, एवढ्यात एक उभा राहतो. दोन असू द्या, कारण एक भटकत भिंतीबाहेर जातोच. गोलेमचा जीव (हेल्थ) १००, व्हिलेजरचा २०. अंगावर भेगा दिसल्या की इंगट हातात घेऊन त्याच्यावर वापरा, एका इंगटमागे २५ भरून येतात. गावात आपोआप जन्मणारे गोलेमही असतात: जवळपासचे तीन व्हिलेजर एकदम घाबरले आणि त्यांनी गेल्या दिवसभरात झोप घेतलेली असली, तर गोलेम उभा राहू शकतो. म्हणजे भीतीचा उपयोग आहे, पण रात्री बेड मिळाला असेल तरच.

हातातल्या हत्याराचाही विचार करून ठेवा. गर्दीत तलवार फिरवली की तिचा झटका शेजारच्या व्हिलेजरलाही लागतो. मार खाल्लेला व्हिलेजर ते लक्षात ठेवतो, बाकीच्यांना सांगतो, आणि भाव चढतात. वारंवार झालं तर गावचा गोलेम तुमच्याच अंगावर येतो. अरुंद गल्लीत कुऱ्हाड बरी, तिचा वार ज्याला मारला त्यालाच लागतो.

रेड हा तयारीतला सगळ्यात जड भाग. २०२४ च्या जूनमध्ये आलेल्या १.२१ पासून डोक्यावर झेंडा असलेल्या पिलेजर कॅप्टनला मारलं म्हणून बॅड ओमेन (रेड ओढवणारा अपशकुन) लागत नाही, त्याच्याकडून पडलेली ऑमिनस बॉटल प्यायलात तरच लागतं. ते घेऊन गावात शिरलात की ३० सेकंद मिळतात, आणि तेवढ्यात बादलीभर दूध प्यायलं तर रेड टळते. म्हणून गाय बांधून ठेवा, दुधाची एक बादली कायम जवळ असू द्या. रेड घ्यायचीच असेल तर ईझीवर तीन लाटा, नॉर्मलवर पाच, हार्डवर सात. तिसऱ्या लाटेत रॅव्हेजर येतो आणि शेतं तुडवतो, म्हणून पीक आधी काढून पेटीत ठेवा. पाचव्या लाटेत इव्होकर येतो. तो दिसला की बाकी सगळं सोडून आधी त्यालाच गाठा, कारण तो बोलावतो ते व्हेक्स भिंतीतून आरपार जातात आणि घरात लपलेला व्हिलेजर त्यांच्यापुढे उघडाच असतो. रेडमध्ये लाकडी दारंही हल्लेखोरांना अडवत नाहीत. त्यामुळे रेड गावाच्या भिंतीवरच रोखायची, गल्लीत येऊ द्यायची नाही.

वीज राहिलीच. विजेच्या झटक्याने व्हिलेजरची विच (चेटकीण) होते आणि ती परत माणूस होत नाही. तांब्याच्या तीन इंगटांचा लाइटनिंग रॉड करा आणि घरांपासून जरा लांब, उंचावर लावा. १२८ ब्लॉकच्या परिसरातली वीज तो ओढून घेतो.

एवढं करूनही एखादा झोंबीच्या तावडीत सापडतो. ईझीवर तो मरतो, नॉर्मलवर अर्ध्या वेळा झोंबी होतो, हार्डवर दर वेळी. म्हणजे हार्डवर तो गेला असं समजू नका, त्याला परत आणता येतं. त्यासाठी एक पेटी आधीच भरून ठेवा: स्प्लॅश पोशन ऑफ वीकनेस (फेकायचं अशक्तपणाचं औषध) आणि गोल्डन ॲपल (सोन्याचं सफरचंद), दोन्ही दोन-दोन. पोशनसाठी कोळ्याचा डोळा, साखर आणि तपकिरी मशरूम मिळून फर्मेंटेड स्पायडर आय होतो. तो साध्या पाण्याच्या बाटलीत घालायचा आणि वर गनपावडर. सफरचंदाला सोन्याचे आठ इंगट लागतात. आधी पोशन फेकायचं, मग सफरचंद द्यायचं. तो थरथरू लागला की काम झालं, तीन ते पाच मिनिटांत माणूस परत येतो, आणि तुमच्यासाठी भावही उतरलेले असतात. मधल्या वेळात त्याच्या डोक्यावर छप्पर हवं, नाहीतर सकाळच्या उन्हात तो जळून जाईल. पेटीशेजारीच दोन ब्लॉक उंचीची, छपराची एक छोटी खोली बांधून ठेवा आणि तिथे एक बेड आणि लोखंडी जाळी लावा, त्यांच्यामुळे तो थोडा लवकर बरा होतो. मेंडिंगचं (हत्यारं दुरुस्त करणाऱ्या जादूचं) पुस्तक विकणारा तुमचा लायब्ररियन व्हिलेजर झोंबी झाला आणि त्याच्याशी तुमचा आधी व्यवहार झालेला असेल तर तो नाहीसा होत नाही, थांबून राहतो. घाई न करता त्याला खोलीत आणा.

शेवटी, गाव उजाड झालंच तर नव्याने वसवता यावं म्हणून, गावापासून लांब, भिंतीआड आणि छपराखाली दोन व्हिलेजर वेगळे ठेवा, प्रत्येकाला एक बेड, आणि पिल्लासाठी एक जास्तीचा. सोबत ब्रेडची पेटी ठेवा. पिल्लासाठी दोघांनाही प्रत्येकी तीन ब्रेड पुरतात.