‘काही लागलं तर सांग’ लिहून मोकळे होताय? या चुका टाळा

मित्राचे वडील परळला ॲडमिट होते. मी बोरिवलीहून रोज सकाळी ‘काका कसे आहेत? काही लागलं तर सांग’ असं टाइप करायचो आणि चर्चगेट फास्ट पकडायचो. त्याचा अंगठा यायचा. मला वाटायचं, झालं आपलं काम. तेराव्यानंतर तो सहज म्हणाला, “अरे, दहा दिवस मला एक चार्जर हवा होता. पण एवढ्याशा गोष्टीसाठी कोणाला सांगायचं?”

पहिली आणि सगळ्यात मोठी चूक हीच. ज्याच्या डोक्यात रिपोर्ट, मेडिक्लेम आणि रक्ताची सोय घोळतेय, त्यालाच आपण मदत शोधायचंही काम देतो. त्याऐवजी असं लिहा : ‘सहा वाजता प्रभादेवीला उतरतोय. डबा आणू की चार्जर?’ त्याला फक्त एका शब्दात उत्तर द्यावं लागेल.

दुसरी चूक, पन्नास जणांनी एकच प्रश्न विचारणं. त्याला विचारून एखाद्या चुलतभावाने व्हॉट्सॲपवर ग्रुप काढावा आणि ‘फक्त ॲडमिन मेसेज पाठवतील’ ही सेटिंग लावावी. रोज संध्याकाळी दोन ओळींची खबर पुरते. नाहीतर ‘गेट वेल सून’च्या फुलांखाली ती खबर सापडत नाही.

न विचारता व्हिडिओ कॉल तर अजिबात नको. समोर माणूस सलाइन लावून पडलाय, बाजूच्या खाटेवरचेही कॅमेऱ्यात येतायत. आणि पपईच्या पानांचा रस वगैरे उपाय? खूप वेळा फिरलेला मेसेज व्हॉट्सॲप २०२० पासून एका वेळी एकाच चॅटवर पाठवू देतं. तुम्ही तिथेही पाठवू नका.

निळ्या टिका दिसल्या, उत्तर नाही? रुसू नका, ‘???’ तर मुळीच टाकू नका. मेसेजच्या शेवटी ‘उत्तर नको देऊस’ एवढं लिहिलंत तरी समोरचा सुटतो.

पावसाळ्याचं वेगळं. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिमी पाऊस पडला, तेव्हा फोन लागेनात आणि घरी वाट पाहणाऱ्यांचा जीव टांगणीला लागला. आजही नेट अडकलं की साधा एसएमएस कधी कधी निघून जातो. अडकलेल्या माणसाला दहा कॉल करून त्याची बॅटरी संपवू नका.

मात्र कोणी ‘आता जगावंसं वाटत नाही’ असं लिहिलं, तर चॅटवर समजावत बसू नका. लगेच फोन लावा, जवळ असाल तर घर गाठा, त्याला एकटं सोडू नका. टेलि-मानस ही सरकारी हेल्पलाइन १४४१६ वर चोवीस तास, मोफत आणि मराठीतही आहे.

शेवटची चूक तेराव्यानंतरची. सगळ्यांचे मेसेज एकदम थांबतात. मी फोनमध्ये रिमाइंडर लावलाय, दर रविवारी सकाळी काकूंना व्हिडिओ कॉल. (त्यांना विचारूनच!) त्यांचं अर्धं कपाळ आणि वरचा पंखा, एवढंच दिसतं. फोन खाली धरा म्हणून मी सांगत नाही.