मिनी हॅम्बर्गर फुगायचे, त्यावर सापडलेला उपाय

घरचे मिनी हॅम्बर्गर तव्यावर टाकले की मधोमध चेंडूसारखे फुगायचे आणि पाव कोरडा तो कोरडाच. उपाय सापडला व्हाइट कॅसलच्या पद्धतीत. १९२१ साली अमेरिकेतल्या विचिटा शहरात सुरू झालेली ही हॅम्बर्गरच्या हॉटेलांची साखळी खिम्याची टिक्की कांद्याच्या वाफेवर शिजवते; टिक्कीला पाच भोकंही असतात.

आता मी साधारण २० टक्के चरबीचा खिमा बटर पेपरच्या दोन तुकड्यांमध्ये अर्धा सेंटिमीटर जाड लाटते. मीठ आत मिसळत नाही, त्याने खिमा रबरी होतो. चौकोन पावापेक्षा मोठेच कापायचे, कारण आक्रसणार ते आक्रसणारच. स्ट्रॉने भोकं पाडून अर्धा तास फ्रीझरमध्ये. नाहीतर उचलताना फाटतात.

पसरट पॅनमध्ये बारीक चिरलेला कांदा आणि तो बुडेल न बुडेल इतकं पाणी. उकळी आली की वर टिक्क्या, मीठ-मिरपूड, थेट त्यांच्यावरच पाव आणि झाकण. भोकांतून वाफ वर चढते, म्हणून उलटायची भानगडच नाही. पावही मऊ होतो. फक्त खिमा आतून ७१ अंश सेल्सिअसपर्यंत पोचू द्यावा, रंगावर विसंबू नये.

चीज ऐच्छिक. व्हिनेगरमध्ये मुरलेली काकडी मात्र हवीच!