डिशवॉशरच्या जाळीला गंज चढलाय?

जाळी आतून लोखंडी तारेची असते, वरून प्लास्टिकचं आवरण. जड कढया, कुकरची भांडी आदळून खुंट्यांच्या टोकांवरचं आवरण आधी फुटतं आणि पाणी तारेपर्यंत पोचतं. गंज आवरणाखालून सरकत जातो, म्हणून ठिपका दिसताच हात घालावा.

जाळी बाहेर काढून पूर्ण सुकू द्या. सुटलेलं, फुगलेलं आवरण कटरने कापून टाका. ते ठेवून वरून रंग लावण्यात काही अर्थ नाही. मग पॉलिश पेपरने तार चकचकीत होईपर्यंत घासा, स्पिरिटने पुसा. डिशवॉशरच्या जाळीसाठीच मिळणारा रबरासारखा दुरुस्ती-रंग पातळ थरांत दोनदा-तीनदा लावा. दोन थरांमध्ये किती थांबायचं ते बाटलीवर लिहिलेलं असतं. शेवटच्या थरानंतर निदान एक दिवस तरी मशीन लावू नका. टोकांवर त्याच कामाच्या रबरी टोप्या बसवल्या की आवरण जास्त टिकतं. साधा ऑइल पेंट किंवा नेलपॉलिश मात्र नकोच: गरम पाण्यात त्याचे पापुद्रे सुटतात आणि ताटल्यांना चिकटतात.

तार गंजून बारीक झाली असेल, बोटाने वाकत असेल, तर सरळ नवी जाळी मागवा.