कोकणात निवांत फॅमिली ट्रिप: पुण्याहून दापोली, गुहागर करत रत्नागिरी

पुण्याहून रत्नागिरी एका दिवसात गाठता येते, सगळ्यांना माहितीये. पण म्हातारी माणसं आणि लहान मुलं बरोबर असतील तर मी म्हणेन की तिथे पोचायला मुद्दाम चार दिवस लावा, किनाऱ्याकिनाऱ्याने, गावांतून, दोन खाड्या फेरीबोटीने ओलांडत. आम्ही सहा जण जातो, मी, नवरा, दोन मुलं (एक सहा वर्षांचं, एक अकरा), सासूबाई आणि माझे बाबा. माझं आजोळ गुहागरचं त्यामुळे हा पट्टा पायाखालचा आहे, आणि तीन-चार वेळा ही ट्रिप केल्यावर काय जमतं काय नाही हे नीट कळलंय म्हणून सविस्तर लिहितेय.

सगळ्यात आधी मुक्काम ठरवा, बघायच्या जागा नंतर. तीनच मुक्काम आणि प्रत्येक ठिकाणी दोन रात्री: पहिला दापोलीजवळ मुरुड-कर्दे भागात, दुसरा गुहागरला, तिसरा रत्नागिरीत. परतीला एक रात्र कोल्हापूर. रोज सामान बांधा, गाडीत भरा, परत उतरवा, याच्यातच घरातल्या बायकांची अर्धी सुट्टी जाते, दोन रात्री एका जागी राहिलं की निदान एक सकाळ अशी मिळते की कुणालाच कुठे जायचं नसतं. ती सकाळ मोकळीच ठेवा, तिच्यात काही कोंबू नका.

तारखा ठरवताना नोव्हेंबर ते फेब्रुवारी हवा सगळ्यात छान. आंबा खायचाय तर मार्चअखेर ते मे, पण दुपारी उकाडा आणि घाम असतो, सासूबाईंना तो झेपत नाही म्हणून आम्ही डिसेंबर-जानेवारीत जातो. मासे खाणाऱ्यांनी १ जून ते ३१ जुलै टाळा, तेव्हा मासेमारी बंद असते. गणपतीत सगळे चाकरमानी गावाला निघालेले असतात, त्या चार दिवसांत मुंबई-गोवा हायवेला जाऊच नका. शिमग्यात मात्र मुद्दाम जाण्यासारखं आहे, पालख्या घरोघर फिरतात, ढोल असतात, फक्त रस्त्यात पालखी आडवी आली तर गाडी बाजूला लावून खाली उतरा आणि नमस्कार करा, हॉर्न वाजवू नका.

आता भरती-ओहोटी, हे मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं आणि बहुतेक जण बघतच नाहीत. माझे आजोबा बोटांवर मोजायचे, मोबाईल वगैरे नव्हतंच. कालनिर्णयवर तिथी बघायची आणि तिची पाऊणपट करायची, तेवढ्या वाजता साधारण भरती पूर्ण. म्हणजे चतुर्थी असेल तर चारची पाऊणपट तीन, पहाटे तीन आणि दुपारी तीनच्या सुमाराला भरती. अष्टमीला सहा. पौर्णिमा-अमावास्येला पंधराची पाऊणपट सव्वाअकरा. आणि भरतीनंतर साधारण सहा तासांनी ओहोटी. अर्धा-पाऊण तास इकडेतिकडे होतो पण दिवस आखायला एवढं पुरतं. मुलांना किनाऱ्यावर खेळायला ओहोटीच्या वेळा, वाळू कडक असते, शंख-शिंपले मिळतात. भरती बघायची ती लांबून, आणि हेदवीची बामणघळ, म्हणजे समुद्राजवळची खडकातली चीर, बघायची असेल तर भरतीलाच पोचायला हवं. माझ्या मुलीला आता हे गणित पाठ झालंय, ती सकाळी उठल्याउठल्या तिथी विचारते.

मग पहिला दिवस. पुण्यातून साडेसहाला निघा, मुळशी, ताम्हिणी, माणगाव, पुढे लोणेरे फाट्यावरून आंबेत, मंडणगड आणि दापोली. एकशेनव्वदच्या आसपास किलोमीटर, पण हे हायवेचे किलोमीटर नाहीत, वळणं आहेत, थांबत थांबत सहा-सात तास धरा. ज्याला गाडी लागते त्याला पुढे बसवा आणि निघताना पोटभर पोहे खायला घालू नका, कोरडी चपाती-गूळ किंवा खाकरा बास, आवळासुपारी आणि आल्याची वडी हाताशी. खरा नाश्ता घाट उतरल्यावर. दर दीड तासाने सगळ्यांनी उतरायचंच, कुणाला गरज नसली तरी, कारण बाबा कधीच "थांबव" म्हणत नाहीत आणि मग त्यांचे गुडघे धरतात. आणि अंधार पडल्यावर त्या रस्त्यांना गाडी नाही, गुरं बसलेली असतात, दिवे नसतात.

राहायला मोठ्या हॉटेलपेक्षा घरगुती जागा बघा, पण बुक करताना फोटोवर जाऊ नका, फोन करून बोला. खोली तळमजल्यावर आहे का, कमोड आहे का, गिझर चालू आहे का, गाडी आत लागते का, रात्री लाईट गेली तर इन्व्हर्टर आहे का. "समुद्रापासून पाच मिनिटं" म्हणजे चालत का गाडीने तेही विचारा. एका ठिकाणी आम्हाला पोचल्यावर कळलं की खोली वरच्या मजल्यावर आणि जिना बाहेरून, कठडा नसलेला, सासूबाई दोन दिवस खाली उतरल्याच नाहीत. तेव्हापासून हे प्रश्न वहीत लिहून ठेवलेत.

जेवणाचं तर आधी सांगावंच लागतं. कोकणात घरगुती खानावळीत ताटं मोजून करतात, सकाळी दहाच्या आत फोन करून किती शाकाहारी, किती मासे हे सांगायचं, दीड वाजता अचानक सहा माणसं दारात उभी राहिली तर त्या माऊलीने कुठून आणायचं. आधी सांगितलंत तर गरम भात, कुळथाचं पिठलं, सोलकढी, आणि फेब्रुवारी-मार्च असेल तर ओल्या काजूची उसळ असं जेवण मिळतं. मोदक हवे असतील तर आदल्या दिवशीच सांगा. सकाळी घावणे किंवा आंबोळी मागा, मुलं चटणीशिवाय नुसत्या गुळाच्या रसाबरोबर पण खातात.

दापोली भागात दोन दिवसांत बघायला खूप आहे, पण आम्ही तीनच गोष्टी करतो. आंजर्ल्याचा कड्यावरचा गणपती सकाळी, वरून नारळी-पोफळी आणि समुद्र दिसतो. मुरुडला निवांत किनारा आणि धोंडो केशव कर्व्यांचं गाव म्हणून मुलांना थोडं सांगणं. आणि संध्याकाळी हर्णै बंदर. हर्णै चुकवू नका. चार-साडेचारला होड्या येऊन उभ्या राहतात, बैलगाड्या पाण्यात शिरतात, बैलांच्या पोटापर्यंत पाणी, टोपल्या भरून मासे किनाऱ्यावर येतात आणि वाळूवरच लिलाव सुरू होतो. बोलणारा इतक्या भराभर बोलतो की आकडा कळेपर्यंत ढीग विकलेला असतो. आपल्याला लिलावात उतरायची गरज नाही, बाजूला कोळणी वाट्याने विकतात आणि कापून देणाऱ्या बायका तिथेच विळी घेऊन बसलेल्या असतात. सुरमई घ्या, कापून घ्या आणि मुक्कामावरच्या वहिनींना द्या, पण त्या करून देतील का हे सकाळीच विचारलेलं असू दे. समोर समुद्रात सुवर्णदुर्ग दिसतो. चप्पल जुनी घाला, जमीन निसरडी आणि वास भरपूर, शाकाहारी मंडळींना लांबच थांबू दे.

आसूदचं केशवराज मंदिर फार सुंदर आहे, पोफळीच्या बागेतून खाली उतरायचं, छोटा पूल, मग पायऱ्या चढायच्या. पण गुडघेदुखी असणाऱ्यांना नाही जमत. आम्ही दोन गट करतो, एक मोठा माणूस मुलांना घेऊन जातो, एक वडीलधाऱ्यांबरोबर राहतो. सगळ्यांनी सगळं बघितलंच पाहिजे हा हट्ट सोडला की भांडणं होत नाहीत.

तिसऱ्या दिवशी दाभोळ. तिथून खाडीपलीकडे धोपावेला फेरीबोट जाते, गाडीसकट. २००३ साली ही सेवा सुरू झाली त्याआधी चिपळूणवरून वळसा घालून जावं लागायचं, आजोळी जाताना आम्ही तो वळसा कितीदा घातलाय. बोटीत गाडी लावली की हँडब्रेक ओढा, गिअरमध्ये ठेवा, आणि मुलांना उतरवून हात धरून वर घेऊन जा, गाडीत बसून राहू नका. दहा-पंधरा मिनिटांचंच काम पण मुलं वर्षभर तेवढंच सांगत राहतात. आदल्या दिवशी बोटीच्या वेळा मुक्कामाच्या ठिकाणी विचारून घ्या, शनिवार-रविवारी रांग असते. बोटीची वेळ लांब असेल तर दाभोळचं चंडिकेचं मंदिर बघा, जमिनीखाली गुहेत आहे, वाकून आत जायचं आणि आत फक्त समईचा उजेड. पलीकडे अंजनवेलला वीज प्रकल्पाच्या चिमण्या दिसतात, नावात दाभोळ असलं तरी तो प्रकल्प गुहागरच्या बाजूला आहे, मुलांचा हा प्रश्न दर वेळी येतो.

गुहागरला मी पक्षपाती आहे. व्याडेश्वर, दुर्गादेवी, मागे सुरूबन आणि लांबच लांब सपाट किनारा, गावातल्या वाड्या रस्त्याच्या दोन्ही बाजूंनी समुद्राला समांतर. इथे काही "करायचं" नाही. संध्याकाळी चटई घेऊन किनाऱ्यावर बसा. एक विनंती, गाडी वाळूत नेऊ नका. वरून वाळू कोरडी दिसते पण चाक रुततं आणि भरती थांबत नाही, आमच्या डोळ्यांसमोर एका कुटुंबाची गाडी ट्रॅक्टर लावून काढली तेव्हा पाणी दारापर्यंत आलं होतं, लहान मूल रडत होतं. गाडी रस्त्यावर ठेवा, चालत जा.

चौथ्या दिवशी गुहागरमधूनच हेदवी-वेळणेश्वर करून परत या. हेदवीला दशभुज गणेश, आणि खाली समुद्राजवळ बामणघळ, खडकातली अरुंद चीर आहे, भरतीचं पाणी आत घुसतं आणि उंच उडतं. पौर्णिमेच्या आसपास गेलात तर अकरा-साडेअकराला पोचा. खडक शेवाळलेले असतात, मुलांचा हात सोडू नका आणि घळीच्या तोंडाशी जाऊच नका. वेळणेश्वरला नारळाच्या सावलीत दुपार काढा. पेट्रोल गुहागरलाच भरून घ्या आणि थोडी रोख रक्कम खिशात ठेवा, मधल्या गावांत नेटवर्क गेलं की यूपीआय पण गेलं.

पाचव्या दिवशी तवसाळहून दुसरी फेरीबोट, पलीकडे जयगड. मग मालगुंड, कवी केशवसुतांचं जन्मगाव, १८६६ साली ते इथे जन्मले, स्मारक शांत आहे, बाबा तिथे तासभर रमतात. पुढे गणपतीपुळे. दर्शन घ्या, डोंगराची प्रदक्षिणा जमली तर करा, पण पुळ्याच्या समुद्रात पोहायला उतरू नका. तिथे पाण्याची ओढ वाईट आहे, माणसं बुडाली आहेत, बोर्ड उगाच लावलेले नाहीत. पाय भिजवा आणि निघा. रत्नागिरीला जाताना निवळी फाट्याचा रस्ता न घेता आरे-वारेचा किनाऱ्याचा रस्ता घ्या, वरच्या वळणावरून दोन किनारे शेजारीशेजारी दिसतात. गाडी चालवणाऱ्याने बघायचं असेल तर थांबून बघायचं, वळणावर नाही.

रत्नागिरी शहर आहे, त्यामुळे इथे रीतच बदला. गाडी मुक्कामावर ठेवा आणि रिक्षाने फिरा, जुन्या आळ्या अरुंद आहेत. सकाळी रत्नदुर्ग आणि भगवती मंदिर, ऊन चढायच्या आत. टिळक आळीत लोकमान्यांचं जन्मस्थान, १८५६ साली जन्म तिथला. १९३१ सालचं पतितपावन मंदिर. आणि थिबा पॅलेस, हा नीट वेळ देऊन बघा. ब्रह्मदेशाचा शेवटचा राजा थिबा, १८८५ मध्ये इंग्रजांनी राज्य घेतलं आणि त्याला इतक्या लांब आणून ठेवलं, हा राजवाडा १९१० मध्ये बांधून झाला आणि १९१६ मध्ये राजा रत्नागिरीतच गेला. मुलांना आधी घरी नकाशावर मंडाले, म्हणजे थिबाची राजधानी, आणि रत्नागिरी दाखवून ठेवा, मग ती मोठी रिकामी दालनं बघताना त्यांना काहीतरी वाटतं. माझ्या मुलाने विचारलं, त्याला परत घरी का नाही जाऊ दिलं, आणि पुढचा अर्धा तास त्याचे प्रश्न संपले नाहीत. संध्याकाळी मांडवी जेट्टी किंवा भाट्ये.

खरेदी शेवटच्या दिवशी, एकाच ठिकाणी. कोकम आगळ, आंबापोळी, फणसपोळी, कुळीथ पीठ. सीझन असेल तर आंबा बागायतदाराकडून घ्या, पेटी उघडून पेंढ्यात हात घालून बघू देतात, कडक हिरवे आणि तयार असे मिसळून मागा म्हणजे सगळे एकदम पिकत नाहीत.

परत येताना पाली, साखरपा, आंबा घाट, मलकापूर, कोल्हापूर. रत्नागिरी ते कोल्हापूर साधारण एकशेतीस किलोमीटर, तिथून पुणे सव्वादोनशेच्या वर. एका दमात करू नका, कोल्हापूरला थांबा, पहाटे अंबाबाईचं दर्शन आणि मग सावकाश घर. आगळाच्या बाटल्या उभ्याच ठेवा, झाकणाला प्लॅस्टिक बांधून, आडवी झाली तर तो लाल डाग सीटवरून निघत नाही. आणि घरी आल्यावर दुसऱ्याच दिवशी गाडी खालून धुऊन घ्या, खारी वाळू पत्र्याला लागून राहिली की गंज धरतो.