छोट्या शहराचा आणि त्याच्या बास्केटबॉल क्लबचा इतिहास कसा लिहावा: ऑर्थेसच्या उदाहरणासह

छोट्या शहरातल्या क्रीडा क्लबचा इतिहास लिहायला घेणारे बहुतेक लोक स्थापनेच्या सालापासून सुरुवात करतात आणि अध्यक्षांची नावे, जिंकलेले चषक, सुवर्णमहोत्सव अशा क्रमाने पुढे जातात. त्यातून जे तयार होते ते स्मरणिका असते. ती जुन्या कार्यकर्त्यांच्या कपाटात जिव्हाळ्याने जपली जाते, परंतु हाच खेळ या शहरात का रुजला, त्याला पैसा कोठून आला आणि शहराने त्याला आपले का मानले, या प्रश्नांना ती हात लावत नाही. हे प्रश्न हाताळायचे असतील तर शहर, प्रदेश आणि क्लब या तिन्हींचा इतिहास एकाच धाग्यात ओवावा लागतो. तो कसा ओवावा, हे नैर्ऋत्य फ्रान्समधील ऑर्थेस या शहराच्या आधाराने येथे सांगत आहे. सुमारे दहा हजार वस्तीच्या या शहराने बास्केटबॉलमध्ये युरोपीय चषक जिंकला होता, आणि त्याचा प्रदेश, म्हणजे बेआर्न, स्वतःच्या इतिहासाविषयी फार जागरूक आहे. (नावाच्या स्पेलिंगमध्ये शेवटी ‘झेड’ असला तरी उच्चार ‘स’ असा होतो. स्थानिक उच्चार आधी विचारून घ्यावा, ही या कामाची पहिली शिस्त होय.)

सुरुवात क्लबच्या नावापासून करावी. जुनी लेटरहेड, तिकिटे, संघाची छायाचित्रे आणि वर्तमानपत्रांतील मथळे गोळा करून कोणत्या साली क्लबचे नाव काय होते, याचा एक साधा तक्ता तयार करावा. ऑर्थेसच्या बाबतीत हा तक्ताच अर्धा इतिहास सांगून जातो. १९०८ मध्ये स्थापन झालेला हा क्लब ‘एलाँ बेआर्ने’ म्हणून प्रसिद्ध झाला. ‘एलाँ’ म्हणजे झेप, उसळी. ‘बेआर्ने’ म्हणजे बेआर्नचा. पुढे १९८९ मध्ये नावात ‘पो-ऑर्थेस’ आले, म्हणजे शेजारचे मोठे शहर पो पुढे बसले आणि ऑर्थेस मागे गेले. त्यानंतर काही वर्षे या दोघांच्या मध्ये ‘लाक’ हे तिसऱ्या एका ठिकाणाचे नावही होते. आता बेआर्न नावाचा जिल्हा किंवा प्रांत आज फ्रान्सच्या कारभारात कोठेही नाही. १७९० मध्ये तो बास्क प्रदेशाबरोबर एका जिल्ह्यात घातला गेला आणि त्या जिल्ह्याला १९६९ पासून पिरेनेज-अत्लांतीक म्हणतात. सरकारी नकाशावरून पुसले गेलेले नाव खेळाडूंच्या छातीवर मात्र टिकले. एवढी एक गोष्ट लक्षात आली की प्रदेशाच्या इतिहासात काय घ्यायचे, याची दिशा आपोआप मिळते.

नावानंतर जागा. आपल्या क्लबने जिथे सामने खेळले त्या प्रत्येक जागेचा नकाशा मिळवावा आणि ती इमारत खेळासाठी बांधलेली होती की दुसऱ्या कामासाठी, हे तपासावे. ऑर्थेसचा संघ ‘ला मुटेट’ या हॉलमध्ये खेळत असे आणि ला मुटेट ही मुळात बाजाराची जागा आहे. ऑर्थेसचा आठवडे बाजार मंगळवारी भरतो, आणि चरबीदार बदके व त्यांचे यकृत यांसाठी हा सारा मुलूख ओळखला जातो. ज्या छताखाली शेतकरी बदके विकायला आणतात त्याच छताखाली रात्री युरोपातील नामांकित संघ खेळून गेले. ही वस्तुस्थिती केवळ गंमत म्हणून एका ओळीत उरकू नये, कारण या क्लबमागचा समाज नेमका कोणता होता, याचे उत्तर त्यात आहे. ज्यांचे ऑर्थेसला येणे-जाणे बाजारामुळे होते, ते आसपासच्या खेड्यांतले लोकच प्रेक्षक झाले. म्हणून जागेविषयीच्या प्रकरणात बाजाराचे नियम, नगरपालिकेने हॉल देताना घातलेल्या अटी, गॅलऱ्यांची व्यवस्था आणि छताची दुरुस्ती यांची माहिती नगरपालिकेच्या ठरावांमधून काढावी. ठरावांच्या वह्या वाचायला कंटाळवाण्या असतात, पण मतभेद त्यांतच नोंदलेले असतात, आणि मतभेद जिथे असतात तिथे शहराला खरोखर काय महत्त्वाचे वाटत होते ते कळते.

प्रदेशाचा इतिहास किती मागे न्यावा, येथे नवशिका लेखक हमखास घसरतो. ऑर्थेसची जुनी संपत्ती मोठी आहे. गाव्ह द पो या नदीवरचा बुरूज असलेला मध्ययुगीन पूल आहे (पिरेनीजमधील डोंगरी नद्यांना तेथे ‘गाव्ह’ म्हणतात, आपल्या गावाशी त्या शब्दाचा संबंध नाही), तेराव्या शतकातील मोंकाद बुरूज आहे, आणि गास्तों फेब्यूस या चौदाव्या शतकातील सरदाराचा दरबार येथेच भरत असे. इतिहासकार फ्रुआसार १३८८ मध्ये त्या दरबारात राहून गेला. सोळाव्या शतकात राणी जान दालब्रे हिने बेआर्नमध्ये प्रोटेस्टंट पंथ प्रस्थापित केला आणि १५६६ मध्ये ऑर्थेसला प्रोटेस्टंट विद्यापीठ सुरू झाले. १६२० मध्ये बेआर्न फ्रान्सच्या राजसत्तेत विलीन झाले. यांपैकी काय ठेवावे? कसोटी एकच असावी: ज्या गोष्टीमुळे क्लबचे नाव, जागा, माणसे किंवा प्रतिस्पर्धी समजायला मदत होते ती ठेवावी, बाकीची कितीही मोहक असली तरी सोडावी. फेब्यूसने १३४७ मध्ये बेआर्नची भूमी आपल्याकडे देवाकडून आली असून तिच्यासाठी कोणत्याही राजाची ताबेदारी आपल्यावर नाही, अशी भूमिका घेतली. ही भूमिका ‘बेआर्ने’ या शब्दातील अभिमान समजण्यासाठी उपयोगी आहे, म्हणून ती राहील. फेब्यूसचा शिकारीवरील प्रसिद्ध ग्रंथ मात्र या पुस्तकात येणार नाही.

मराठी वाचकाला या बाबतीत आणखी एक मोह होईल आणि मलाही तो झाला. २७ फेब्रुवारी १८१४ रोजी ऑर्थेसजवळ नेपोलियनचा सेनापती सूल्त याचा पराभव करणारा वेलिंग्टन म्हणजे तोच आर्थर वेलस्ली, ज्याने ऑगस्ट १८०३ मध्ये अहमदनगरचा किल्ला घेतला आणि सप्टेंबरमध्ये असईला शिंदे व भोसल्यांच्या फौजांशी झुंज दिली. जालन्याजवळची असई आणि पिरेनीजच्या पायथ्याचे ऑर्थेस ही दोन ठिकाणे एका माणसाच्या आयुष्यात अशी जोडली गेली आहेत. हा दुवा खरा आहे, पण बास्केटबॉलचे त्यातून काही उलगडत नाही. अशा माहितीसाठी पुस्तकात एक तळटीप पुरे. तिच्यासाठी प्रकरण उघडले की मूळ विषय हातातून निसटतो.

क्लबच्या स्थापनेकडे वळताना देशातील कायदे आणि त्या काळचे वातावरण हाताशी ठेवावे. फ्रान्समध्ये १ जुलै १९०१ च्या कायद्याने नागरिकांना संस्था स्थापण्याचे स्वातंत्र्य मिळाले. संस्थेला कायदेशीर अस्तित्व हवे असेल तर सरकारी कार्यालयात निवेदन देऊन ते राजपत्रात छापून आणावे लागते, म्हणून क्लबचा जन्मदाखला शोधायचा तर आधी राजपत्र आणि जिल्ह्याचे अभिलेखागार पाहावे. पुढे १९०५ मध्ये राज्य आणि चर्च यांना वेगळे करणारा कायदा झाला, आणि त्या काळात कॅथलिक धर्मगुरूंनी तरुणांना चर्चशी बांधून ठेवण्यासाठी व्यायाम, संगीत आणि खेळ यांची मंडळे मोठ्या प्रमाणावर चालवली. सरकारी शाळांच्या बाजूनेही तशीच मंडळे उभी राहिली. फ्रान्सच्या छोट्या गावांतील बास्केटबॉलची पाळेमुळे बहुतांशी या स्पर्धेत आहेत. तेव्हा १९०८ सारखे साल दिसले की पहिल्या कार्यकारिणीत कोण होते, शिक्षक की धर्मगुरू, हे शोधावे. आपल्याकडे असे काम करणाऱ्याने संस्थेच्या नोंदणीची कागदपत्रे, वार्षिक अहवाल आणि वर्गणीची पावतीपुस्तके यांपासून सुरुवात करावी. पावतीपुस्तकांमधून आडनावे, गल्ल्या आणि व्यवसाय निघतात, जे कोणत्याही भाषणात सापडत नाहीत.

खेळ गावात आला केव्हा, हा प्रश्न क्लब स्थापन झाला केव्हा या प्रश्नाहून वेगळा ठेवावा. बास्केटबॉल १८९१ मध्ये अमेरिकेतील स्प्रिंगफील्ड येथे जेम्स नेस्मिथ यांनी तयार केला आणि डिसेंबर १८९३ मध्ये पॅरिसच्या त्रेव्हीझ रस्त्यावरील वायएमसीएच्या हॉलमध्ये तो युरोपात प्रथम खेळला गेला. वायएमसीए ही प्रोटेस्टंट परंपरेची संस्था आणि ऑर्थेसही जुने प्रोटेस्टंट शहर, असे जोडून टाकावेसे वाटेल, परंतु दोन गोष्टी शेजारी ठेवल्या म्हणजे एकीमुळे दुसरी घडली असे होत नाही. नावानिशी माणूस, पत्र किंवा ठराव हाती येईपर्यंत असा संबंध लिहू नये.

याहून महत्त्वाचा प्रश्न असा की, नैर्ऋत्य फ्रान्स हा रग्बीचा मुलूख असताना येथे बास्केटबॉल का फोफावला? पो शहराचा रग्बी संघ तीनदा राष्ट्रीय विजेता झालेला आहे. उत्तर शोधायला उत्तरेकडे, लांद जिल्ह्यातील शालोस या शेतीच्या मुलखाकडे पाहावे. तेथे अगदी लहान खेड्यांतही बास्केटबॉलचे संघ आहेत. पंधरा तगडे गडी मिळणे ज्या खेड्याला अवघड, त्याला पाच खेळाडू मिळू शकतात, आणि मुलींचा संघही उभा राहतो. ऑर्थेस या मुलखाच्या उंबऱ्यावर आहे. प्रदेशाचा इतिहास म्हणजे केवळ राजे आणि लढाया नव्हेत, तर खेड्यांची वस्ती, शेताचा आकार आणि लग्नसंबंधांची वर्तुळेही त्यात येतात. म्हणून जनगणनेचे आकडे घेऊन आपल्या क्लबचे खेळाडू कोणत्या गावांतून येत, ते नकाशावर टिंबांनी दाखवावे. असा एक नकाशा दहा पानांचे काम करतो.

पैशाचे प्रकरण टाळू नये. ऑर्थेस आणि पो यांच्या मध्ये लाक येथे डिसेंबर १९५१ मध्ये नैसर्गिक वायूचा प्रचंड साठा लागला. १९५७ पासून वायूचे उत्पादन सुरू झाले आणि कामगारांसाठी मूराँक्स हे नवे शहरच वसवण्यात आले. शेतीच्या मुलखात पगारदार वर्ग, कारखाने आणि नगरपालिकांच्या तिजोरीत कराची रक्कम आली. क्लबच्या नावात पुढे ‘लाक’ हा शब्द का बसला, ते येथे उलगडते. जमाखर्चाची पत्रके मिळाली तर तिकिटे, नगरपालिकांचे अनुदान आणि व्यापाऱ्यांची मदत यांचे प्रमाण दर पाच वर्षांनी मांडावे. दरवर्षीचे आकडे दिल्यास वाचक कंटाळतो.

सामन्यांचे निकाल शेवटी घ्यावेत आणि थोडेच घ्यावेत. पिएर सेयाँ यांच्या दीर्घ अध्यक्षपदाच्या काळात हा संघ वर चढला. १९८४ मध्ये पॅरिसला झालेल्या कोराच चषकाच्या, म्हणजे सुरुवातीला सांगितलेल्या युरोपीय चषकाच्या, अंतिम सामन्यात त्याने बेलग्रेडच्या रेड स्टार संघाला ९७–७३ असे हरवले, आणि १९८६ व १९८७ अशी सलग दोन वर्षे तो फ्रान्सचा विजेता ठरला. १९८६–८७ च्या युरोपीय विजेत्यांच्या स्पर्धेत शेवटच्या सहा संघांमध्ये मिलान, तेल अवीव, माद्रिद, झादर, काउनास आणि ऑर्थेस होते. ही यादी मी जेव्हा जेव्हा वाचतो तेव्हा शेवटच्या नावाशी थांबतो. लेखकानेही येथे थांबावे, त्या शहरांची लोकसंख्या शेजारी लिहावी आणि विशेषणे वापरू नयेत. प्रत्येक निकाल किमान दोन वर्तमानपत्रांतून ताडून घ्यावा, कारण जुने खेळाडू भावना अचूक सांगतात, परंतु गुण आणि तारखा यांत हमखास गफलत करतात.

मुलाखती घेताना हाच फरक ध्यानात ठेवावा. ‘तो सामना कसा होता?’ असे विचारल्यास वर्तमानपत्रात छापलेलेच ऐकायला मिळते. त्याऐवजी बाजार उठल्यावर हॉल कोण झाडत असे, पाहुण्या संघाचे जेवण कोणाच्या घरी होत असे, परगावी जाताना गाडीत कोण कोठे बसत असे, असे विचारावे. ज्यांना बेआर्नी भाषा येते त्यांना तिच्यात बोलू द्यावे आणि त्यांचे शब्द आहेत तसे नोंदवावेत. मुलाखतीपूर्वी लेखी संमती घ्यावी, आणि हयात व्यक्तींच्या घरगुती गोष्टी त्यांनी स्वतः सांगितल्या तरी छापण्यापूर्वी त्यांना वाचून दाखवाव्यात.

सर्वांत कठीण प्रकरण स्थलांतराचे आहे. १९८९ मध्ये क्लबच्या नावात पो आले आणि १९९१ मध्ये संघ पोमधील साडेसात हजारांहून अधिक आसनांच्या नव्या क्रीडागृहात खेळू लागला. पंधराव्या शतकात, १४६४ मध्ये, बेआर्नची राजधानीही ऑर्थेसहून पोला अशीच हलली होती. हे साम्य कोणाही लेखकाला प्रिय वाटेल आणि ते सांगायलाही हवे, कारण ऑर्थेसच्या लोकांच्या मनात त्याला जागा आहे. परंतु कारणे मात्र स्वतंत्रपणे मांडावीत: व्यावसायिक खेळाचा वाढता खर्च, बाजाराच्या हॉलची अपुरी क्षमता, चाळीस किलोमीटरवर असलेले कितीतरी मोठे शहर. पोच्या बाजूने हा विस्तार होता, ऑर्थेसच्या बाजूने तो विरह होता, आणि दोन्ही बाजूंची माणसे सच्ची होती. दोन्हींना सारखी पाने द्यावीत असे नाही, पण दोन्हींकडचे कागद मात्र वाचलेच पाहिजेत. पुढे पो-ऑर्थेसच्या नावाने जिंकलेली विजेतेपदे कोणाच्या इतिहासात मोजावीत, याविषयी आपली भूमिका प्रस्तावनेतच स्पष्ट करावी. माझ्या मते ती दोन्ही शहरांची आहेत, कारण नावातली जोडरेघ दोघांनी मिळून स्वीकारली होती.

पुस्तक छापून झाल्यावर मुलाखतींचे ध्वनिमुद्रण, छायाचित्रांच्या प्रती आणि नावांचा मूळ तक्ता यांचा एक संच शहराच्या ग्रंथालयात आणि दुसरा जिल्ह्याच्या अभिलेखागारात द्यावा. छायाचित्रांच्या मागे पेन्सिलीने माणसांची नावे डावीकडून उजवीकडे लिहावीत. हे काम त्यांना ओळखणारे कोणी शेजारी बसलेले असतानाच करावे.